ड्रोन आणि दहा नंबरचं लेणं

परवा ग्रुपवर नाशिकच्या पांडवलेण्यांवरची आणखी एक डॉक्युमेंटरी आली. वीस मिनिटांची. त्यातली निम्मी ड्रोनमध्ये गेली, उरलेल्यात बासरी आणि 'भव्य', 'दिव्य', 'वैभवशाली'.

माझं मत (विचारलं नाहीत तरी सांगतोच): अशा फिल्मला कॅमेरा नाही, लेखक कमी पडतो.

जॉन बर्जर मूळचा चित्रकार. मग कलासमीक्षक झाला, कादंबरीकार झाला, १९७२ मध्ये बुकरही मिळालं. त्याच वर्षी त्याने बीबीसीवर चित्रं कशी बघावीत यावरची 'वेज ऑफ सीइंग' ही मालिका केली, अर्ध्या-अर्ध्या तासाचे चार भाग. सुरुवातीलाच गडी चाकू काढून बोटिचेल्लीच्या व्हीनसचा चेहरा कापून घेतो! (प्रतिकृती होती, घाबरू नका.) पुढे काराव्हाज्जोचं चित्र शाळकरी पोरांना दाखवतो. त्यातला येशू बाई की पुरुष, यावर पोरं भांडतात आणि हा ऐकत बसतो. विशेषणं मात्र फेकत नाही.

तेच डोक्यात ठेवून सातवीतल्या भाच्याला घेऊन लेण्यांवर गेलो. पायथ्याशी फाळके स्मारक. वाटाण्याच्या रोपाची वाढ फ्रेम-फ्रेमने टिपणारा माणूस तो. त्याच्या डोक्यावर आता ड्रोन भिरभिरतात.

दहा नंबरच्या लेण्यात क्षत्रप राजा नहपानाचा जावई उषवदात याचा ब्राह्मी लेख आहे. भाच्याला म्हटलं, "याने ३००० कार्षापण, म्हणजे तेव्हाची नाणी, दान दिले. त्यातले २००० गोवर्धनच्या विणकरांच्या श्रेणीकडे, म्हणजे त्यांच्या संघाकडे ठेवले, दरमहा शेकडा १ व्याजाने. वर्षाचं किती?"

"२४०."

"आणि २० भिक्षूंना कपड्यांसाठी प्रत्येकी १२ द्यायचे."

बोटांवर हिशेब झाला. "मामा, बरोब्बर बसतंय! म्हणजे एफडीच की!" गोवर्धन म्हणजे आपलं गंगापूरकडचं, हे कळल्यावर तर तो उडालाच. उरलेल्या १००० वर शेकडा पाऊण होतं, त्याचंही गणित त्याने केलं.

मग त्याने विचारलं, "विणकरांनी बुडवले असते तर?"

लेखात त्याचाही बंदोबस्त आहे. मुद्दल परत मागायचं नाही, फक्त व्याज वापरायचं, आणि हे सगळं निगमसभेत (म्हणजे नगराच्या सभेत) ऐकवून नोंदवून ठेवलंय.

"आणि वर दगडावर कोरलं," भाचा म्हणाला. "आता नाही म्हणून दाखवा!"

घरी येऊन ती फिल्म पुन्हा लावली. ही भिंत त्यात तीन सेकंद आहे.