मालिकेचा उजेड आणि वेळासचा काळोख

मालिका आणि माहितीपट अशा दोन्हीकडे कॅमेरा चालवणाऱ्या माणसाला मालवणात गेल्यावर हमखास विचारले जाते, की मालिकेचे काम बरे चालले असताना मधेच ते टाकून किनाऱ्यावर कशाला येतोस. मुंबईत माहितीपटवाल्यांच्या घोळक्यात मालिकेचे नाव काढले, की समोरच्याच्या चेहऱ्यावर कणव दिसते. पहिल्या प्रश्नाचा मला राग येत नाही. दुसऱ्या कणवेचा येतो.

१९४८ साली स्थापन झालेल्या, केंद्र सरकारच्या फिल्म्स डिव्हिजनमध्ये माहितीपटाचा कॅमेरामन पगारी नोकर असे. ती संस्था २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात (एनएफडीसी) विलीन झाली. आज आमच्यापैकी बहुतेक जण कामागणिक पैसे घेतात आणि एकेका माहितीपटाला दोन-दोन मोसम लागतात. तेवढा काळ घर मालिकेच्या शिफ्टवर चालते, हे मान्य करायला संकोच कशाचा?

शिवाय मालिका हात तयार करते. दिवसाला जवळपास एक भाग, म्हणजे वीस-बावीस मिनिटांचे चित्रण पुरे करायचे असल्यामुळे, कोणत्या चार शॉट्सशिवाय प्रसंग जोडताच येणार नाही, हे कॅमेरामनला उभ्या उभ्या ठरवावे लागते. रापणीच्या मासेमारीचे चित्रण करताना मला हेच कामी आले. होडीने अर्धवर्तुळात टाकलेल्या जाळ्याची दोन्ही टोके किनाऱ्यावरून ओढायला लागली, की कोणी थांबत नाही. पहिल्याच दिवशी मी एका म्हाताऱ्या रापणकाराला, दोर पुन्हा एकदा ओढून दाखवाल का, असे विचारले, तेव्हा ते मान वर न करता म्हणाले, "रापण काय तुझ्यासाठी थांबाची नाय, बाबा." त्यानंतर मी दोर, पाय, सगळी रांग आणि शेवटी मासळीचे वाटे घालणारे हात, एवढेच पक्के धरले. संकलकाने एकही शॉट मागितला नाही.

मात्र मालिकेची एक खोड किनाऱ्यावर येण्याआधी सोडावीच लागते, आणि ती सहज सुटत नाही. दोन-तीन कॅमेरे एकाच वेळी चालणार असल्याने सेटवर सगळीकडे सारखा, सपाट उजेड ठेवतात. नायिका कुठेही वळली तरी चेहरा दिसला पाहिजे. वर्षानुवर्षे असे काम केल्यावर काळोख दिसला, की हात आपोआप दिव्याकडे जातो. रत्नागिरी जिल्ह्यातल्या वेळासच्या किनाऱ्यावर हे चालत नाही. ऑलिव्ह रिडले कासवाची मादी रात्री वाळूवर अंडी घालायला येते आणि पांढरा प्रकाश दिसला, तर अंडी न घालताच समुद्रात परतू शकते. पिल्लेही समुद्र सोडून दिव्याच्या दिशेने भरकटतात. मंद लाल बॅटरी, तीही लांबून आणि मोजकीच, एवढ्यावर काम भागवायचे असते. एका वाहिनीच्या माणसाने मला तिथे 'चांदण्यासारखा निळा लाईट' मारायला सांगितले होते. मी नकार दिला आणि ते काम माझ्या हातून गेले. (त्यांनी पुढे काय केले, हे मी मुद्दाम पाहिले नाही.)

वेळासला रात्री मी केलेले चित्रण दाणेदार आहे. मादीची कड जेमतेम कळते आणि वल्ह्यासारखे पाय वाळू उडवतात, तेवढेच स्पष्ट दिसते. सेटवर असा शॉट कोणी मंजूर केला नसता, आणि सेटच्या हिशेबाने ते बरोबरच आहे. तिथले प्रेक्षक स्वयंपाक करता करता पाहतात. वेळासला मात्र जे मला दिसले नाही, ते प्रेक्षकालाही दिसू नये, असे मला वाटते.

माझ्याबरोबर काम करणारा एक मुलगा सध्या मालिका कायमची सोडण्याच्या गोष्टी करतो आहे. मी त्याला आणखी दोन वर्षे सेटवर राहायला सांगितले आहे आणि नोव्हेंबरात अंडी घालण्याचा मोसम सुरू झाला, की वेळासला चल, असेही सांगितले आहे. दिवे मात्र मुंबईतच ठेवून यायचे.