हर्षा भोगले यांच्याबद्दल फिरणाऱ्या मेसेजचा खुलासा

नाशिकमधल्या क्रिकेट पालकांच्या ग्रुपवर सध्या एक मेसेज फिरतोय: क्रिकेट कॉमेंटेटर हर्षा भोगले यांचा जन्म नाशिकचा, कॉलेज अर्धवट सोडून ते महाराष्ट्राकडून रणजी खेळले आणि म्हणूनच त्यांना टीव्हीवर कॉमेंट्री मिळाली. हे खरं नाही.

भोगले मराठी घरातले, पण जन्म 1961 चा, हैदराबादचा. आई-वडील दोघेही प्राध्यापक. उस्मानिया विद्यापीठातून केमिकल इंजिनिअरिंग, मग आयआयएम अहमदाबाद, काही काळ जाहिरात कंपनीत नोकरी. हे त्यांनी स्वतः अनेकदा सांगितलंय. क्रिकेट ते विद्यापीठ पातळीपर्यंत खेळले. रणजीचा एकही सामना त्यांच्या नावावर नाही. स्कोअरकार्ड ऑनलाइन आहेत, कुणीही नाव शोधून बघावं.

कॉमेंट्रीची सुरुवात शिकत असतानाच, वयाच्या 19 व्या वर्षी, हैदराबाद आकाशवाणीवर. भारतीय संघाच्या 1991-92 च्या ऑस्ट्रेलिया दौऱ्यात तिथल्या एबीसी रेडिओने त्यांना बोलावलं. टीव्हीवरचं मोठं नाव त्यानंतरचं. माझ्या मते रेडिओचा हा टप्पाच सगळ्यात महत्त्वाचा. समोर चित्र नसतं. गोलंदाजाचा रनअप, फिल्डिंग, स्कोअर, सगळं शब्दांतच उभं करावं लागतं.

गोल्फ क्लब मैदानावर नेटमागे पाण्याची बाटली तोंडाशी धरून फार छान कॉमेंट्री करणारा अकरावीतला एक मुलगा हाच मेसेज दाखवून मला विचारत होता, "सर, कॉलेज सोडू का?" म्हणून हे तातडीने लिहितोय. मेसेज आला असेल तर कृपया पुढे पाठवू नका. आधीच पाठवला असेल, तर त्याच ग्रुपवर हा खुलासाही टाका.