बायोस ‘इन्स्टॉल’ करायचा नसतो

गणपतीला मुंबईहून आलेल्या चाकरमान्यांपैकी कोणीतरी आमच्या घराण्याच्या व्हॉट्सॲप गटात एक लांबलचक संदेश टाकला. ‘लहानपणीचे व्हिडिओ गेम आता कॉम्प्युटरवर, अगदी फुकट’ असे त्याचे शीर्षक असून, एम्युलेटर, म्हणजे जुन्या कन्सोलचे, गेम खेळायच्या यंत्राचे, काम संगणकाकडून किंवा फोनकडून करवून घेणारा प्रोग्राम, कसा बसवावा याची कृती त्यात दिलेली आहे. तोच संदेश पुढे आणखी चार गटांत दिसला. एरवी मी अशा मजकुराकडे काणाडोळा करतो. परंतु तारकर्लीला राहणाऱ्या माझ्या नववीतल्या भाच्याने ती कृती शब्दशः अमलात आणली आणि त्याचा भुर्दंड माझ्या बहिणीला पडला, म्हणून हे लिहिणे भाग आहे.

संदेशाचे म्हणणे थोडक्यात असे. बायोस नावाच्या फाइलशिवाय कोणताही एम्युलेटर चालत नाही आणि ती फाइल सोबतच्या लिंकवरील ‘बायोस पॅक’मध्ये आहे. गेम कंपन्यांनी अँटिव्हायरसवाल्यांशी संधान बांधले असल्याने हा पॅक उघडताना व्हायरसचा खोटाच इशारा येतो, म्हणून आधी अँटिव्हायरस बंद करावा. भारतात एम्युलेटरवर बंदी असल्यामुळे तो ॲप स्टोअरवर मिळत नाही. वीस वर्षांहून जुने गेम मात्र सर्वांना खुले आहेत, आणि नवे असले तरी उतरवून २४ तासांत पुसून टाकल्यास गुन्हा होत नाही. शेवटी, महागडे ग्राफिक्स कार्ड हवेच. साधनावर बंदी आणि माल मात्र खुला, हे एकाच संदेशात कसे बसते, असा प्रश्न तो पुढे ढकलणाऱ्या एकालाही पडलेला दिसत नाही.

अँटिव्हायरसचा मुद्दा सर्वांत आधी घेतो, कारण बाकीच्या थापांनी फार तर गैरसमज होतो, या थापेने घर लुटले जाते.

बायोस म्हणजे कन्सोलमधल्या एका चिपवर साठवलेला, वीज मिळताच सुरू होणारा प्रारंभिक प्रोग्राम होय. तो त्या कन्सोलच्या प्रोसेसरसाठी लिहिलेला असतो. विंडोजच्या दृष्टीने ती निव्वळ माहितीची फाइल आहे, तिच्यावर दोनदा टिचकी मारून काहीही सुरू होत नाही. ती एका फोल्डरमध्ये ठेवायची आणि तो फोल्डर एम्युलेटरच्या सेटिंगमध्ये दाखवायचा, एवढेच काम असते. सोनीच्या प्लेस्टेशन या कन्सोलच्या पहिल्या पिढीचा बायोस ५१२ किलोबाइटचा आहे, दुसऱ्या पिढीचा ४ मेगाबाइटचा. संदेशातला पॅक ८६ मेगाबाइटचा होता, त्याच्या झिप फाइलला पासवर्ड होता, आत एकच फाइल होती आणि ती ‘ॲडमिनिस्ट्रेटर’ म्हणून चालवा, अशी सूचना होती. जी गोष्ट गावभर फुकट वाटायची आहे तिला कुलूप कशासाठी? अँटिव्हायरसला आत डोकावता येऊ नये यासाठी. शिवाय फाइलच्या नावाचा शेवटचा तुकडा विंडोज मुळातच लपवून ठेवते, त्यामुळे ‘बायोस डॉट बिन डॉट ईएक्सई’ असे पूर्ण नाव असलेली फाइल मुलाला ‘बायोस डॉट बिन’ एवढीच दिसली. त्याला मी दोष देत नाही.

भाच्याने फाइल चालवली, एक काळी खिडकी क्षणभर चमकून गेली आणि गेम काही सुरू झाला नाही. हा संगणक बहिणीच्या होमस्टेचा होता आणि ईमेलसह सगळे पासवर्ड ब्राउझरमध्ये साठवलेले होते. तिसऱ्या दिवशी, दिवाळीच्या सुट्टीसाठी खोल्या ठरवलेल्या पाहुण्यांना होमस्टेच्याच ईमेलवरून पत्रे गेली की उरलेली रक्कम या नव्या खात्यावर आजच भरावी. पुण्याच्या एका कुटुंबाने भरलीसुद्धा. ते पैसे बहिणीने पदरचे परत केले. “ह्या काय झाला?” एवढेच ती फोनवर पुन्हा पुन्हा विचारत होती, आणि घरगुती गटात हसरे चेहरे टाकून तो संदेश वाखाणणाऱ्यांपैकी कोणाकडेही त्याचे उत्तर नव्हते.

खोट्या इशाऱ्याच्या दाव्यात अर्धे सत्य आहे ते नाइलाजाने मान्य करतो. छोट्या, हौशी गटांनी तयार केलेल्या प्रोग्रामवर अँटिव्हायरस कधीकधी विनाकारण संशय घेतो. पण त्यावर उपाय पहारेकऱ्याला झोपवणे हा नव्हे. एम्युलेटर त्याच्या निर्मात्यांच्या स्वतःच्या संकेतस्थळावरून घ्यावा, आणि तरीही शंका राहिली तर ती फाइल व्हायरसटोटल या संकेतस्थळावर चढवून अनेक अँटिव्हायरस तिच्याविषयी एकत्रितपणे काय म्हणतात ते पाहावे. पासवर्डची झिप फाइल मात्र तशीच चढवून उपयोग नाही, तीही तिथे बंदच राहते.

बायोस प्रत्येक एम्युलेटरला लागतो हेही खरे नाही. आपल्याकडे पिवळ्या कॅसेटींचे जे टीव्ही गेम घरोघरी होते ते निन्टेन्डोच्या फॅमिली कॉम्प्युटरच्या, म्हणजे १९८३ च्या जपानी यंत्राच्या नकला होत्या, आणि त्या यंत्रात बायोस नव्हताच. कॅसेट खोचली की प्रोसेसर थेट कॅसेटमधला प्रोग्राम वाचू लागे. पीएसपी या सोनीच्या हातात धरायच्या कन्सोलसाठीचा पीपीएसएसपीपी हा एम्युलेटरही बायोस मागत नाही. प्लेस्टेशनच्या पहिल्या दोन पिढ्यांना तो सर्वसाधारणपणे लागतो, आणि तो आपल्या मालकीच्या यंत्रातून काढून घ्यावा असे एम्युलेटरवाले सांगतात.

आता कायदा. संदेशातील ‘वीस वर्षे’ आणि ‘२४ तास’ या दोन्ही गोष्टी भारताच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात कुठेही नाहीत. संगणक प्रोग्राम हा त्या कायद्याच्या व्याख्येत साहित्यकृतीत मोडतो आणि साहित्यकृतीवरील हक्क कलम २२ प्रमाणे लेखकाच्या मृत्यूनंतर ६० वर्षे टिकतो. १९८५ च्या मारिओ या गेमचे हक्क संपताना आपल्यापैकी बहुतेकांना भिंतीवरच्या फोटोच्या चौकटीतून पाहावे लागेल. उतरवून दुसऱ्या दिवशी पुसले म्हणजे उतरवलेच नव्हते, हा न्याय तर आमच्या गावच्या आंबेचोरालाही सुचला नाही.

जे खरोखर उपयोगी आहे ते कलम ५२ मध्ये आहे, आणि ते एकाही फॉरवर्डमध्ये आढळत नाही. कायदेशीररीत्या आपल्याकडे असलेल्या प्रोग्रामची प्रत हरवणे, नष्ट होणे वा खराब होणे यापासून तात्पुरते संरक्षण म्हणून राखीव प्रत करणे, तसेच स्वतः कायदेशीरपणे मिळवलेल्या प्रतीवरून बिगरव्यापारी, वैयक्तिक वापरासाठी प्रत करणे, याला ते कलम हक्कभंग मानत नाही. गेममधली चित्रे आणि संगीत यांचे काय, हा वाद वकील घालू शकतात, परंतु आपली तबकडी आपल्यासाठी उतरवून घेणे आणि परक्याने चढवलेली उचलणे यांतला फरक या कलमाने पुरेसा स्पष्ट होतो. शिवाय ‘खराब होणे’ म्हणजे काय ते किनाऱ्यावर राहणाऱ्याला समजावून सांगावे लागत नाही. भावोजींनी मस्कतला नोकरीला असताना घेतलेला प्लेस्टेशन खाऱ्या हवेने केव्हाच मिटला. तबकड्या मात्र कपाटात होत्या, काहींवर पावसाळी बुरशीची नक्षी उमटलेली. पहिल्या प्लेस्टेशनची तबकडी खालून काळी दिसली तरी ती साधी सीडीच असते, संगणकाचा सीडी ड्राइव्ह ती वाचतो, आणि इमेजबर्नसारख्या प्रोग्रामने तिची ‘बिन’ व ‘क्यू’ अशा दोन फाइलींची प्रत तयार होते.

संदेशाच्या बाजूने एक गोष्ट सांगायला हवी. व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये केलेल्या पाहणीत, अमेरिकेत प्रसिद्ध झालेल्या जुन्या गेमपैकी ८७ टक्के तेव्हा बाजारात विकत मिळत नव्हते असे दिसले. विकत घ्यायची इच्छा असूनही वाट बंद असेल तर माणूस आडवाटेला जातो, हे समजण्यासारखे आहे. मात्र यावरून त्या वाटेवरचा प्रत्येक वाटाड्या सज्जन ठरत नाही.

एम्युलेटरवर बंदी असल्याचे विधान खोडायला प्ले स्टोअर उघडणे पुरेसे आहे. तिथे रेट्रोआर्क आहे, पीपीएसएसपीपी आहे. ॲपलनेही एप्रिल २०२४ पासून जुन्या कन्सोलच्या एम्युलेटरांना आपल्या स्टोअरचे दार उघडले. अमेरिकेत तर सोनीने कनेक्टिक्स या कंपनीवर केलेल्या खटल्यात अपील न्यायालयाने २००० सालीच म्हटले की प्लेस्टेशनचा बायोस अभ्यासासाठी उलगडून त्यावरून स्वतंत्र एम्युलेटर बनवणे हा योग्य वापर आहे. या अफवेचे मूळ बहुधा युझूच्या प्रकरणात असावे. त्या एम्युलेटरच्या निर्मात्यांनी मार्च २०२४ मध्ये निन्टेन्डोला २४ लाख डॉलर देण्याचे मान्य केले. पण तो वाद स्विच या तेव्हा चालू असलेल्या कन्सोलचा आणि त्याची सांकेतिक कुलुपे तोडण्याचा होता, कपाटातल्या जुन्या तबकड्यांचा नव्हे.

ग्राफिक्स कार्डाविषयी दोन वाक्ये पुरेत. मारिओ ४० किलोबाइटचा होता आणि तो चालवणाऱ्या यंत्रात २ किलोबाइट रॅम होती. साधा फोनही ते काम सहज करतो, फक्त प्लेस्टेशन २ पासून पुढे बऱ्यापैकी संगणक लागतो.

ज्यांनी तो पॅक चालवला असेल त्यांनी संगणकाचे इंटरनेट आधी तोडावे. पासवर्ड दुसऱ्या, स्वच्छ उपकरणावरून बदलावेत, त्यात ईमेलचा सर्वांत आधी, आणि प्रत्येक खात्यातून ‘सर्व उपकरणांवरून बाहेर पडा’ हा पर्याय वापरावा, कारण चोराने उचललेले जुने लॉगिन नुसता पासवर्ड बदलून संपेलच असे नाही. मग विंडोज नव्याने घालावे. बहिणीच्या संगणकावर हे सर्व करायला मला रविवारचा अख्खा दिवस लागला. पैसे गेल्यास १९३० या राष्ट्रीय सायबर मदत क्रमांकावर लगेच कळवावे. पुण्याच्या त्या कुटुंबाने दोन दिवस वाट पाहिली होती.