सोडचिठ्ठीचा कागद आणि मामीची घाई

परवा मामीचा फोन आला. मामेबहिणीचं दुसऱ्यांदा जमत आलंय. मुलाकडची माणसं बरी आहेत, त्यांनी एवढंच म्हटलं की पहिल्या घटस्फोटाची ऑर्डर पाठवा. मामीनं ती त्यांना पाठवायच्या आधी मला व्हॉट्सअॅपवर पाठवली, ‘तू या सगळ्यातून गेलीयेस, एकदा बघून घे’ म्हणून.

बघितलं. 100 रुपयांचा स्टॅम्प पेपर. वर ठळक अक्षरात ‘सोडचिठ्ठीचा करारनामा’. खाली दोघांच्या सह्या, दोन्हीकडचे पंच, नोटरीचा शिक्का. मजकुराचा थाट असा की वाचणाऱ्यानं दबून जावं: उभयतांचा आजपासून पती-पत्नी म्हणून कोणताही संबंध उरलेला नाही, दोघंही पुनर्विवाहास मोकळे आहेत.

मला दहा मिनिटं उत्तर टाइप करता येईना. सहा वर्षांपासून माहेरी असलेली आपली मुलगी कायद्यानं अजून त्याचीच बायको आहे, हे मामीला कसं सांगायचं?

नोटरी काय करतो, तर समोर सही करणारी माणसं तीच आहेत एवढं तपासून शिक्का मारतो. लग्न मोडायचा अधिकार त्याला नाही, पंचांना नाही, आणि दोघं राजीखुशी असले तरी त्या दोघांनाही नाही. हिंदू विवाह कायद्याखाली लागलेलं लग्न (बौद्ध, जैन, शीख लग्नंही त्यातच येतात) मोडतं ते कोर्टाच्या डिक्रीनं, म्हणजे घटस्फोटाच्या ऑर्डरनं. मग स्टॅम्प 100 चा असो की आता झालाय तसा 500 चा.

यावर मामांचं म्हणणं, ‘अगं, लग्नाची नोंदणीच केली नव्हती. मग मोडायचं काय?’ हा युक्तिवाद मी किमान चार घरांत ऐकलाय. पण नोंदणी नाही म्हणून विधीपूर्वक लागलेलं लग्न रद्द होत नाही, कायद्यात तसं स्पष्ट लिहिलंय. उलट बाजूही तेवढीच खरी. 2024 मध्ये सुप्रीम कोर्टानं एका जोडप्याचं लग्नच झालेलं नाही असा निकाल दिला, कारण हातात सर्टिफिकेट होतं पण विधी कुठलेच झाले नव्हते. विधीशिवाय नुसता कागदच हवा असेल तर 1954 चा विशेष विवाह कायदा आहे. ज्याला आपण ‘कोर्ट मॅरेज’ म्हणतो ते हेच, आणि त्यात कोर्ट कुठेच नसतं. विवाह अधिकाऱ्याकडे नोटीस द्यायची, 30 दिवस हरकतींची वाट बघायची, मग तीन साक्षीदारांसमोर सह्या. ‘एका दिवसात कोर्ट मॅरेज’च्या पाट्या लावणारे नेमकं काय विकतात, हे सही करण्याआधी विचारावं.

मामा म्हणाले, ‘पूर्वी काडीमोड होतच होता की.’ होत होता. काही जातींमध्ये फारकतीची आणि पाट लावायची, म्हणजे पुन्हा लग्न करायची, रीत होती, आणि 1955 च्या हिंदू विवाह कायद्यानं अशा रूढीला जागाही ठेवलीय. पण आपल्या जातीत ही रीत फार पूर्वीपासून सलग चालत आलीय, हे कोर्टात सिद्ध करावं लागतं. आमच्या घराण्यात हा शब्द भांडणात सोडून कुणी वापरलेला मला आठवत नाही.

आणखी एक पक्कं बसलेलं खूळ: सात वर्षं वेगळं राहिलं की आपोआप सुटका. आपोआप काहीही सुटत नाही. जोडीदार सात वर्षं जिवंत असल्याचंच कुणाला ठाऊक नसेल, तर ते घटस्फोट मागण्याचं एक कारण ठरतं. मागावा तरीही कोर्टातच लागतो.

माझा घटस्फोट संमतीचा होता. वकिलीणबाईंनी पहिल्याच भेटीत काय मागावं? लग्नपत्रिका आणि लग्नातला फोटो! मी अल्बम रागाच्या भरात कधीच भंगारात दिला होता. पत्रिका शेवटी आत्याच्या देवघराच्या खणात सापडली, हळदीकुंकवाच्या डागांसकट. लग्नानंतर 90 दिवसांत नमुना ‘ड’ भरून, भटजींची आणि तीन साक्षीदारांची सही घेऊन नोंदणी केली असती, तर ही शोधाशोध वाचली असती. तेव्हा आम्ही हॉलवाल्याच्या बिलावरून भांडत होतो.

संमतीच्या घटस्फोटात दोघांनी वर्षभर वेगळं राहिलेलं असावं लागतं. मग एकत्र अर्ज, आणि त्यानंतर सहा महिने थांबून पुन्हा हजर राहून सांगायचं की हो, अजूनही तेच हवंय. डिक्री होण्याआधी एकानं संमती काढून घेतली, तर संमतीचा अर्ज तिथेच संपतो. त्या सहा महिन्यांचा मला भयंकर राग यायचा. आता तेवढा येत नाही, आणि त्याचं कारण अजिबात भावनिक नाही. पहिल्या संमतीपत्रात घाईघाईनं ‘एकमेकांकडून काहीही येणे-देणे नाही’ असं लिहून मी मोकळी झाले होते. मधल्या काळात लक्षात आलं की घराच्या कर्जावर सहकर्जदार म्हणून माझं नाव तसंच आहे. बँक आपल्या घटस्फोटात पक्षकार नसते. तिला डिक्री दाखवली म्हणून ती आपल्याला कर्जातून सोडत नाही. नवऱ्यानं कर्ज एकट्याच्या नावावर करून घेतलं, मगच मी दुसऱ्या तारखेला गेले. विम्याच्या पॉलिसीतलं वारसाचं नाव मात्र दोन वर्षांनी आठवलं. ते आपलं आपण बदलावं लागतं.

तरी सगळ्यांना सहा महिने रखडवायलाच हवं असं मला वाटत नाही. सुप्रीम कोर्टानं 2017 मध्ये सांगितलंय की दोघं आधीच दीड वर्षाहून जास्त वेगळे राहत असतील, पोटगी, मुलांचा ताबा वगैरे खरोखर मिटलेलं असेल आणि समेटाची शक्यता नसेल, तर कोर्ट ही मुदत माफ करू शकतं. मामेबहिणीला याचाच आधार आहे.

पण खरी गुंतागुंत पुढेच निघाली. तिच्या पहिल्या नवऱ्याला फोन केला, तर तो म्हणाला, ‘ताई, माझ्याकडेपण तोच कागद आहे. त्याच्यावरच मी चार वर्षांपूर्वी लग्न केलं.’ म्हणजे त्याचं दुसरं लग्न कायद्यानं शून्य. पहिली बायको हयात असताना, डिक्रीशिवाय केलेलं लग्न हा गुन्हाही आहे, सात वर्षांपर्यंत शिक्षेचा. त्याला एक मुलगी आहे. ती औरस मानली जाईल, तेवढी सोय कायद्यानं केलीय. तिच्या आईचं काय? त्या बाईनं तर बिचारीनं विश्वासानं तो कागद वाचून होकार दिला असणार. उद्या पेन्शनच्या किंवा वारसाच्या रांगेत तिला विचारतील, तेव्हा ती काय दाखवणार? मामीच्या पोरीपेक्षा मला तिचीच जास्त काळजी वाटते. तो अर्जावर सही करायला तयार झालाय. आवाजावरून कळत होतं की घाबरलाय. डिक्री झाल्यावर आत्ताच्या बायकोशी पुन्हा रीतसर लग्न कर आणि या वेळी नोंदणी कर, हेही मी त्याला सांगितलं. करेल का, देव जाणे.

मुलाकडच्यांना सगळं खरं सांगितलं. ते थांबायला तयार आहेत. मामीला मात्र अजून वाटतंय की मी उगीच फाटे फोडले.

काल तिला घेऊन वकिलीणबाईंकडे गेले. त्यांनी स्टॅम्प पेपर मागे-पुढे करून पाहिला आणि म्हणाल्या, ‘हा जपून ठेवा हं. दोघं सहा वर्षांपासून वेगळे राहतायत, हे दाखवायला कामाला येईल.’ मामी माझ्याकडे अशी बघायला लागली की बघ, म्हटलं नव्हतं? मग बाईंनी विचारलं, ‘पण याला लॅमिनेशन कुणी केलं?’