प सा ग वाजवलं की काळ मागे जातो

परवा दुपारी भाचा हॉलमध्ये गेम खेळत होता आणि मी आत मेथी निवडत बसले होते, तेवढ्यात कानावर आलं प सा ग, प सा ग, त्यातला ग कोमल. शाळेत असल्यापासून पेटी वाजवतेय, त्यामुळे कुठलीही धून ऐकली की डोक्यात आपोआप तिची सरगम होते. थोड्या वेळाने परत तेच तीन सूर, पण उलटे. ग सा प, ग सा प. मेथी तशीच टाकून बाहेर आले, म्हटलं हे काय वाजवतोयस रे? तर म्हणाला, "मावशी, वेळ स्लो केला."

मग मी तिथेच बसले, ते थेट संध्याकाळच्या चहापर्यंत.

गेम जुना आहे, झेल्डा सिरीजमधला. आधी १९९८ चा 'ओकारिना ऑफ टाइम' आणि त्याच्या पुढचा २००० सालचा 'मेजोराज मास्क', दोन्हींचं संगीत मुख्यतः कोजी कोंदो यांचं. ओकारिना म्हणजे हातात मावणारं, फुंकून वाजवायचं छोटं वाद्य. गेममध्ये पाच बटणांवर पाच सूर दिलेत, सगळ्यात खालचा सा धरला तर सा, कोमल ग, प, शुद्ध ध आणि तार सा. बघा, यात फक्त रे टाकला की शिवरंजनी राग! ते कळल्यावर मला राहवेना, पेटी काढून सोबत वाजवत बसले.

तर दुसऱ्या गेममध्ये चंद्र खाली येतोय, ७२ तासांत गावावर कोसळणार. लिंकने, म्हणजे गेमच्या नायकाने, प सा ग दोनदा वाजवलं की पहिल्या दिवसाची सकाळ परत येते. तीच धून उलटी वाजवली की वेळ रेंगाळतो, आणि एकेक सूर दोनदा घेतला, म्हणजे प प सा सा ग ग, की काळ थेट पुढे उडी मारतो. या दोन धुनी कोणी समोर बसवून शिकवत नाही, एक बुजगावणं आहे ते नुसतं सुचवतं की उलटी वाजवून बघ, सूर दुप्पट करून बघ. आणि ते भेटलंच नाही तरी तुम्ही स्वतःच्या डोक्याने वाजवलंत तरी चालतं!

मला नेमकं हेच सांगायचंय. जादूच्या गोष्टींमध्ये संगीत आलं की बऱ्याचदा "गूढ सूर घुमले आणि दार उघडलं" एवढ्यावर काम भागवतात. तो पासवर्ड झाला हो, भाषा नाही. जे शिकवलंय त्यावरून न शिकवलेलं वाक्य तुम्हाला बनवता आलं पाहिजे, तरच ती भाषा, मग तिच्यात तीन शब्द का असेनात. फ्रान्समध्ये १९ व्या शतकात फ्रान्स्वा सुद्र नावाच्या संगीतशिक्षकाने खरोखर सात सुरांची भाषा तयार केली होती, सोलरेसोल. तिच्यात दोमिसोल म्हणजे देव आणि तेच सूर उलटे, सोलमिदो, म्हणजे सैतान. म्हणजे उलटं केलं की अर्थ उलटा, हे त्यालाही सुचलंच होतं.

पहिल्या गेममधला पवनचक्कीचा प्रसंग तर डोक्यातून जातच नाहीये. मोठा झालेला लिंक पवनचक्कीत जातो, तिथला बाजेवाला चिडून सांगतो की सात वर्षांपूर्वी एक पोरगा इथे येऊन ही धून वाजवून गेला, आणि त्या रागात ती धून लिंकला शिकवून टाकतो. सा ग सां, सा ग सां. मग लिंक सात वर्षं मागे जाऊन, लहान होऊन, त्याच पवनचक्कीत तीच धून वाजवतो. म्हणजे बांधली कोणी? कोणीच नाही! काही लोक याला कथेतली चूक म्हणतात, मला अजिबात पटत नाही. आपल्याकडे किती बंदिशी अशा आहेत ज्यांचा कर्ता माहीत नाही, गुरूकडून शिष्याकडे नुसत्या येत राहिल्यात, आणि गाताना आपल्याला काही अडतं का?

आणि मराठीत फँटसी लिहिणाऱ्यांना मनापासून सांगते, ही भाषा बनवायला लागणारं सगळं सामान आपल्या घरात पडलंय. दुगुन म्हणजे तेवढ्याच वेळात दुप्पट, विलंबित म्हणजे काळ ताणणं, तिहाई म्हणजे तीनदा म्हणून बरोब्बर समेवर येणं, हे सगळं काळाशीच खेळणं आहे ना? १३ व्या शतकात आपल्या देवगिरीत, यादवांच्या पदरी राहून शार्ङ्गदेवाने 'संगीतरत्नाकर' लिहिला, त्यात खंडमेरूचं गणित आहे, म्हणजे सुरांचे किती क्रम होतात ते. तीन सुरांचे ६, सातांचे ५०४०. या गेमने काळ हलवायला तीन सुरांच्या सहातले दोनच क्रम वापरलेत, आणि तेवढ्यावर मी अख्खी दुपार जागची हलले नाही.

भाच्याला हे सांगितलं तर त्याने लगेच उरलेले चार गेममध्ये वाजवून पाहिले. काही झालं नाही. मग वही घेऊन आला, मागच्या पानावर चारही लिहिले आणि समोर कोणत्या क्रमाने काळाचं काय व्हायला हवं ते मांडत बसला. सा ग प, वेळ थांबतो. ग प सा, फक्त आपण थांबतो, बाकी सगळे चालू. प ग सा, उद्याचं आज ऐकू येतं.

सा प ग च्या पुढे अजून रिकामं आहे, रोज शाळेतून आला की पेटीवर तेवढंच वाजवतो आणि माझ्याकडे बघतो.