‘सगळं नेटवर आहे’ म्हणे!

एक संदेश सध्या फिरतोय: आजोबांच्या ग्रामोफोनच्या तबकड्या भंगारात द्या. ती गाणी नेटवर आहेत, तिथला आवाज जास्त स्वच्छ आहे, डिजिटल झालं की कायमचं झालं, आणि तसंही ऐकतंय कोण? दिवाळीच्या साफसफाईत हे लगेच पटेल, म्हणून हे उत्तर.

‘गाणी नेटवर आहेत.’ काही आहेत, पण कुठल्या वेगाने? मिनिटाला 78 फेरे हा आकडा पुढे रूढ झाला. सुरुवातीच्या तबकड्या सत्तरीपासून ऐंशीच्या पुढपर्यंत कुठल्याही वेगाने भरल्या जात. 74 ची तबकडी 78 वर फिरवली की सूर जवळजवळ अर्ध्या स्वराने चढतो. पेटीच्या काळी चार पट्टीत गाणारा तिच्या लगेच वरच्या पांढरी सहाला टेकतो, लय पळते, आणि आपण खाली लिहितो, ‘काय पट्टी होती जुन्या लोकांची!’ फ्रान्समध्ये स्कॉट द मार्तँव्हिल यांनी 1860 मध्ये काजळी धरलेल्या कागदावर एक गाणं उमटवलं होतं. 2008 मध्ये ते पहिल्यांदा वाजलं तेव्हा बाई किंवा मुलगी गातेय असं वाटलं. पुढे वेग निम्म्यावर आणला आणि पुरुषाचा आवाज निघाला, बहुधा त्यांचाच. ही चूक सुधारता आली, कारण कागद जपलेला होता.

‘स्वच्छ आवाज.’ खरखर गाळणारं फिल्टर श्वास गाळतं, ‘स’ आणि ‘श’ची धारही बोथट करतं. 1902 मध्ये कलकत्त्यात गायिका गौहर जान ध्वनिमुद्रणाच्या कर्ण्यासमोर गायल्या. गाणं संपताना त्या ‘माय नेम इज गौहर जान’ असं ओरडून सांगत, कारण मेणाचे साचे जर्मनीत जात आणि कारखान्यात गायिका ओळखता यायला हवी. ती हाक गोंगाट म्हणून कापली, की इतिहासच कापला.

‘डिजिटल कायमचं.’ तुमची पंधरा वर्षांपूर्वीची हार्ड डिस्क लावून बघा. लाखेची तबकडी फुटते खरी, पण आता खोबणींचे बारीक फोटो काढून, सुई न टेकवता आवाज वाचता येतो. म्हणजे तडा गेलेलीही टाकू नका.

जागा अडते, हे मात्र मान्य. एखाद्या संग्रहाला द्या, पण लेबलाशेजारच्या गुळगुळीत पट्टीवर कोरलेला नंबर आधी टिपून घ्या. ध्वनिमुद्रण कधीचं, ते बऱ्याचदा त्यावरूनच लागतं.

राहिलं ‘ऐकतंय कोण?’ थोर गायक भास्करबुवा बखले 1922 मध्ये गेले. बालगंधर्वांसारखे शिष्य, आठवणी ढीगभर, पण बुवांची एकही तबकडी उपलब्ध नाही. त्यांच्या गाण्यावर आजही वाद होतात, तेही न ऐकता.