रीमा लागू म्हणजे फक्त सलमानची आई? काहीही!

परवापासून आमच्या नाशिकच्या नाटकवाल्या ग्रुपवर एक फॉरवर्ड फिरतोय आणि साईखेडकर नाट्यगृहात राज्य नाट्य स्पर्धेत घाम गाळणारी मंडळीसुद्धा त्याखाली अंगठे देतायत, म्हणून लिहायला बसले. म्हणे रीमा लागूंनी जन्मभर एकच रोल केला, आईचा. हिरोईन म्हणून चालल्या नाहीत म्हणून आई झाल्या, हिंदीत गेल्यावर नाटक सोडलं, आणि मुळात काम मिळालं तेच डॉ. श्रीराम लागूंची सून म्हणून.

शेवटचं आधी निकालात काढते. रीमा या विवेक लागूंच्या पत्नी, आणि विवेक हे डॉक्टरांचे चिरंजीव नव्हेत. विषय संपला. घराणंच काढायचं असेल तर माहेरचं काढा ना, आई मंदाकिनी भडभडे, त्याही नाटकातल्याच.

आता 'एकच रोल'. 1988 च्या 'कयामत से कयामत तक'मध्ये त्या जुहीची आई झाल्या तेव्हा त्यांना तीस पूर्ण व्हायची होती, आणि त्याच वर्षीच्या अरुणा राजेंच्या 'रिहाई'त त्या काय करतात ते बघा जरा, गोविंद निहलानींच्या 'आक्रोश'मध्ये तर नाचणारी बाई आहे. बरं, आईच म्हणाल तर आई तरी एकसारखी होती का? 'हम आपके हैं कौन'मधली विहीणबाई आणि 'हम साथ साथ हैं'मधली, मैत्रिणींचं ऐकून सावत्र मुलाला घराबाहेर काढणारी ममता, बॅनर तोच, दिग्दर्शक तोच, बाई वेगळ्या. आणि 'वास्तव'? संजय दत्त त्यांच्यापेक्षा जेमतेम वर्षाने लहान, आणि तरी शेवटी तो आईकडे पिस्तूल देऊन सुटका मागतो आणि ती गोळी झाडते, तिथे वयाचा हिशोब कुणाच्या डोक्यात तरी येतो का हो? टीव्हीवर 'श्रीमान श्रीमती'तली कोकिला आणि 'तू तू मैं मैं'मधली खवट सासू ही दोन्ही कॉमेडीच, पण टायमिंग पूर्णपणे वेगळं. शेवटच्या दिवसांत 'नामकरण'मध्ये खलनायिका करत होत्या, 2017 च्या मे महिन्यात गेल्या तोपर्यंत.

'हिरोईन म्हणून चालल्या नाहीत' हे वाचून तर हसूच आलं. ज्यांनी हे लिहिलं त्यांनी जयवंत दळवींच्या 'पुरुष' नाटकाचं नाव ऐकलेलं नसावं. दिग्दर्शन विजयाबाई मेहतांचं, समोर गुलाबराव म्हणून नाना पाटेकर, आणि रीमा अंबिका, बलात्कारानंतर कोर्टात हरून शेवटी स्वतःच न्याय करणारी मुलगी. मग 'सविता दामोदर परांजपे' हे नाटक. एकच बाई, कधी कुसुम कधी तिला झपाटलेली सविता. सिनेमात हे मेकअप, बॅकग्राउंड म्युझिक नि कट मारून निभतं, रंगमंचावर तुमच्याकडे आवाज, मान आणि नजर एवढंच, तेही पंधराव्या रांगेतल्या माणसाला कळायला हवं. ज्याने नाशिकच्या कालिदास कलामंदिरात मागच्या रांगेत बसून नाटक बघितलंय त्याला मी काय म्हणतेय ते कळेल.

नाटक सोडलं म्हणे! विक्रम गोखलेंबरोबर 'के दिल अभी भरा नाही' केलं ते काय मग? आणि गंमत बघा, विक्रमजींच्या आजी कमलाबाई, ज्यांना फाळक्यांनी 1913 साली आपल्याच नाशकात 'मोहिनी भस्मासूर'साठी कॅमेऱ्यापुढे उभं केलं, त्यासुद्धा नाटकातूनच आल्या आणि पडद्यासाठी त्यांनी नाटक टाकलं नाही. निदान नाशिककरांनी तरी 'नाटक की सिनेमा' असले वाद घालू नयेत.

फॉरवर्डमधलं एक वाक्य मात्र बरोबर आहे, फिल्मफेअरची चार नॉमिनेशन्स मिळाली आणि ट्रॉफी एकही नाही. फक्त ते रीमाताईंच्या नावावर का खपवलंय ते कळलं नाही, ती ज्युरीची चूक आहे.